अर्धा मी कुठं होतो?

(उमरी इथं तरुण कार्यकर्त्यांसमोर केलेलं भाषण. बोललो तसंच ठेवलंय. शिव्या तेवढ्या कमी केल्यात.)



मला भाषणाची सवय नाही. मी गोदीत माल चढवणारा-उतरवणारा माणूस. मॅट्रिकच्या पुढं शाळा झाली नाही. कविता लिहितो म्हणून तुम्ही बोलावलंत, पण आज कविता वाचणार नाही. आज एका कागदाची गोष्ट सांगणार आहे. तो कागद मिळवायला मला दीड वर्ष लागलं. त्याच्यावर एक नाव, एक नंबर आणि अकरा आकडे आहेत. बस्स.

पण आधी ह्या उमरीबद्दल. ३० जानेवारी १९४८ रोजी इथली बँक लुटली गेली, हे तुम्हाला शाळेपासून माहीत आहे. तिकडं दिल्लीत गांधींना गोळ्या घातल्या, तोच दिवस. निजामाविरुद्ध लढणाऱ्यांनी लढ्यासाठी पैसा नेला आणि त्या पैशाचा पै-पैचा हिशेब ठेवला, असं इथले म्हातारे अजून छाती फुगवून सांगतात. सांगू देत. माझं त्याच्याशी भांडण नाही. मला एवढंच वाटतं, लुटीचा हिशेब एवढ्या जपणुकीनं ठेवणारा हा मुलूख आहे, तर मग मजुरीचा हिशेब कुठं गेला?

माझी आज्जी १९७२ च्या दुष्काळात खडी फोडायला जायची. सुकडी खाल्ली, मिलो खाल्ला, हाताला घट्टे पडले. तिनं किती दिवस खडी फोडली? माहीत नाही. किती पैसे मिळाले? माहीत नाही. हजेरीपटावर तिचा अंगठा उमटला असणार, पण हजेरीपट तिच्याजवळ नव्हता. अंगठा तिचा अन् कागद दुसऱ्याचा. आपल्या घराघरातली कमाईची सगळी तवारीख ह्या एका ओळीत बसते.

त्याच्याही मागं जा. आपले जुने लोक बावन्न हक्कांची गोष्ट सांगायचे. बिदरच्या बादशहानं अमृतनाकाला म्हणे सनद दिली, महारांना गावात बावन्न हक्क. बिदर इथून काही लांब नाही. मी त्या गोष्टीकडं एका हमालाच्या नजरेनं बघतो. गोष्ट खरी असो की नसो, तिच्यात माणसं काय मागतायत बघा. ती कागद मागतायत. आम्ही राबतो त्याचं काय देणं लागतं, ते कुणीतरी लिहून द्या, एवढंच मागतायत. दया पवारांनी १९७८ साली आपल्या आत्मकथनाला नाव दिलं ‘बलुतं’. बलुतं म्हणजे काय? पगारच की! खळ्यावर धान्याच्या टोपल्यानं मिळणारा अन् शिळ्या भाकरीनं पुरा होणारा पगार. त्याची पावती कुणी पाहिली आहे का?

आता गोदीकडं येतो. १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत फोर्ट स्टिकीन नावाच्या बोटीवर आग लागली आणि स्फोट झाले. एकाच बोटीत कापूस, दारूगोळा आणि सोनं. सोनं किती? एकतीस पेट्या, पेटीत चार विटा, म्हणजे १२४ विटा. कागदावर लिहिलेलं आहे. पुढं गोदीतला गाळ उपसताना कितीतरी वर्षं त्यातल्या विटा सापडत गेल्या अन् हिशेबात जमा होत गेल्या. आणि माणसं किती मेली? हा आकडा पुस्तकागणिक बदलतो. कुठं सातशे-आठशे, कुठं तेराशे. विटेला नंबर होता, रोजंदारीच्या हमालाला कुठला नंबर? आम्ही गोदीतली पोरं दर १४ एप्रिलला बाबासाहेबांच्या जयंतीला जातो, तेव्हा माझ्या डोक्यात ही दुसरी १४ एप्रिलही असते.

स्वातंत्र्यानंतर १९४८ साली गोदी कामगारांच्या नोकरीचा कायदा झाला. मुंबईत डॉक लेबर बोर्ड आलं. ज्याची नोंद झाली त्याला नंबर मिळाला, हजेरीचं कार्ड मिळालं. पहिल्यांदाच असं झालं की गोदीतल्या हमालाची हजेरी मुकादमाच्या डोक्यात राहिली नाही, कागदावर आली. तो कागद युनियननं भांडून मिळवलेला होता. मग १९९७ साली संसदेनं दुसरा कायदा केला आणि मोठ्या बंदरांमधून तो जुना कायदा उठवायची वाट मोकळी झाली. माझा बाप गोदीत पोहोचला तो २००१ साली. उशिरा पोहोचला. त्याच्या वाट्याला बोर्ड नव्हतं, ठेकेदार होता.

ठेकेदाराचं नाव सांगणार नाही. प्रकरण अजून चालू आहे. आणि खरं म्हणजे नावाला अर्थही नाही. दर चार-पाच वर्षांनी नाव बदलायचं. शेड तेच, हूक तोच, माणसं तीच, मुकादमही तोच. फक्त पगारवहीच्या कव्हरावर नवा शिक्का. बापाला वाटायचं आपण एकाच ठिकाणी काम करतोय. कागद म्हणत होता, हा माणूस तीन ठिकाणी होता.

डिसेंबर २०१० मध्ये बापाच्या उजव्या हाताची तीन बोटं पोलादी पट्ट्याच्या गुंडाळीखाली गेली. तो गावी परत आला. माझं गाव उमरी नाही, उमरी स्टेशनला उतरून पुढं जावं लागतं. तिथं तो आता दुसऱ्याची म्हसरं राखतो. दोन वर्षांपूर्वी मी सुट्टीत आलो तेव्हा त्याचं वय अठ्ठावन्नच्या जवळ आलं होतं, आणि मला कुणीतरी सांगितलं होतं की पीएफ कापला जात असेल तर अठ्ठावन्नला पेन्शन लागते. १९९५ ची कर्मचारी पेन्शन योजना. अट एकच, दहा वर्षं नोकरी पाहिजे. शेवटच्या वर्षात सहा महिने किंवा जास्त भरले तर ते पूर्ण वर्ष धरतात. म्हणजे साडेनऊ भरली तरी चालतं.

आम्ही मोजलं. पहिल्या ठेकेदाराकडं जून २००१ ते मे २००५, चार वर्षं. शेवटच्याकडं मे २००६ ते डिसेंबर २०१०, चार वर्षं आठ महिने. बेरीज आठ वर्षं आठ महिने. मधले अकरा महिने गायब. बाप म्हणतो, “मी एक दिवस बी घरी बसलो नाही रे. तवा तू शाळेत गेलास, तुला दप्तर घेतलं होतं.” माझं दप्तर हा बापाच्या नोकरीचा पुरावा. पण दप्तर कुठल्या कचेरीत दाखवणार?

ते अकरा महिने सापडले तर नऊ वर्षं सात महिने, म्हणजे कायद्यानं दहा. नाही सापडले तर शून्य. अर्धीमुर्धी पेन्शन असा प्रकार नाही. आणि पेन्शन किती? सप्टेंबर २०१४ पासून कमीत कमी हजार रुपये ठरली आहे, आपल्यासारख्याला तेवढीच. तुम्ही हसाल. मुंबईतले माझे दोन मित्र हसलेच. पण बापाच्या मागं ती माझ्या मायला विधवा पेन्शन म्हणून मिळते. ज्या बाईच्या हातात जन्मात कधी आपल्या नावाचा पैसा दर महिन्याला आला नाही, तिच्या खात्यावर तो येणार. हजार रुपयाला हसणाऱ्यानं आधी आपल्या मायचं पासबुक उघडून बघावं.

बापानं जुन्या पीएफमधला पेन्शनचा भाग काढला नव्हता. काढला असता तर ती नोकरी पुसलीच गेली असती. का काढला नाही? कुणी फॉर्म भरायचा सांगितलाच नाही म्हणून. अडाणीपणाचा आमच्या घराला झालेला एवढाच फायदा.

मग मी मायची पेटी उघडली. पत्र्याची पेटी, तळाशी प्लास्टिकची पिशवी, पिशवीत गोदीचे जुने गेटपास. चुरगळलेले, तेलकट, एका कोपऱ्यावर बापाचा फोटो. मी विचारलं, “माय, हे कामून ठेवलीस?” म्हणाली, “तुझ्या बापाचा फोटू हाय की त्याच्यावर. फोटू कसा फेकावा?” तिला अक्षर वाचता येत नाही. एक पास ऑगस्ट २००५ चा निघाला. त्याच्यावर मधल्या ठेकेदाराचं नाव. गायब झालेल्या अकरा महिन्यांतला तिसरा महिना माझ्या हातात होता.

पण गेटपास म्हणजे पीएफ नव्हे. पीएफचा खाते नंबर पाहिजे. २०१४ पासून प्रत्येकाला एक कायमचा नंबर मिळतो, यूएएन, तो ठेकेदार बदलला तरी बदलत नाही. त्याच्या आधी असं नव्हतं. ठेकेदार बदलला की खातं नवं. मालक दरवर्षी प्रत्येक माणसाचा एक तक्ता पीएफ कचेरीत भरायचा, त्याला ‘तीन-अ’ म्हणतात: महिन्यागणिक पगार, कापलेली रक्कम, मालकाची रक्कम. आणि सगळ्यांचा मिळून एक तक्ता, तो ‘सहा-अ’. २०१२ पासून हे सगळं संगणकावर जातं. त्याच्या आधीचं कागदावर. म्हणजे बापाचे अकरा महिने कुठंतरी एका गठ्ठ्यात झोपलेले होते, पण गठ्ठा उघडायला नंबर पाहिजे, आणि नंबर ज्या चिठ्ठीवर होता ती चिठ्ठी ठेकेदारानं कधी दिलीच नव्हती.

इथं मी तीन महिने अडकलो. आणि सोडवलं कुणी? वकिलानं नाही. गोदीच्या गेटबाहेर चहा पिता पिता जालन्याकडचे एक काका भेटले, बापाच्या टोळीतले. त्यांच्याजवळ त्या वर्षाची पीएफची चिठ्ठी होती. एकच चिठ्ठी, घडी घालून पाकिटात. ठेकेदाराचा कोड नंबर, आणि शेवटी त्यांचा खाते नंबर एक्केचाळीस. काका म्हणाले, “आम्ही पगाराला ओळीत उभे राहायचो. माझ्या मागं तुझा बाप. कारकुनानं ओळीनंच नावं घातली असतील. बेचाळीस बघ.”

दोस्तांनो, मी बऱ्याच कविता वाचल्या आहेत. “बेचाळीस बघ” ह्याच्याएवढी ओळ मला कुणी दिली नाही.

बापाच्या नावानं माहितीच्या अधिकाराचा अर्ज टाकला. २००५ चा कायदा, दहा रुपये फी, तीस दिवसांत उत्तर. अमुक कोडखालच्या बेचाळीस नंबरच्या खात्याचा त्या अकरा महिन्यांचा ‘तीन-अ’ द्या, हे खातं माझं आहे, सोबत गेटपासची प्रत. उत्तर आलं. तक्ता आला. बेचाळीस नंबर. पहिलं नाव बापाचं. बापाच्या बापाचं नाव बरोबर. आडनाव, उमरीकर.

आमचं आडनाव उमरीकर नाही. आमच्या सात पिढ्यांत कुणी उमरीकर झाला नाही. उमरीला आमची माणसं बाजाराला यायची, गाडी पकडायला यायची. पण मुकादमानं पहिल्या दिवशी विचारलं असेल, कुठला? बाप म्हणाला असेल, उमरीकडला. झालं! लिहा, उमरीकर. आपल्यातल्या कितीतरी जणांनी जात लपवायला गावाचं आडनाव लावून घेतलं, ते वेगळं. इथं मुकादमाला आडनाव विचारायचीसुद्धा गरज वाटली नाही. पाठ मजबूत आहे ना, मग आडनाव कशाला? तर ह्या माणसाची आता दोन नावं, आणि दोघे एकच आहेत हे सिद्ध करायचं काम मुलाचं.

आणि मग ते अकरा आकडे. जून २००५ ते एप्रिल २००६. प्रत्येक महिन्यासमोर पगार: १,५६०. १,५६०. १,५६०. अकरा वेळा.

मी बापाला वाचून दाखवलं. तो बराच वेळ गप्प. मग म्हणाला, “एकशेवीस रोज होता. सव्वीस दिवस भरायचे.” हिशेब करा. एकशेवीस गुणिले सव्वीस, तीन हजार एकशेवीस. कागदावर बरोबर अर्धा. पंधराशे साठ. बाप म्हणाला, “मंग उरला अर्धा मी कुठं होतो रे?”

माझ्याजवळ उत्तर नव्हतं. आजही नाही. मी त्या वाक्यावर कविता करायचा प्रयत्न केला, जमली नाही. कारण ते वाक्य बापाचं आहे, मी फक्त ऐकलं.

जालन्याच्या काकांकडं पुन्हा गेलो. त्यांच्याजवळ अजून एक चीज होती. खिशातली छोटी वही. काका चौथी शिकलेले. पण रोज रात्री लिहायचे: बोट, माल, पाळी, किती मिळाले, किती कापले. त्यांचा रोजही बापाएवढाच. त्यांच्या वहीत त्या महिन्यांत पीएफ म्हणून कापलेले ३७४ आहेत. तीन हजार एकशेवीसचे बारा टक्के ३७४ होतात. आणि पंधराशे साठचे १८७. कापले ३७४, भरले १८७. उरलेले १८७ कुठं गेले ते शोधायला गाळ उपसायची गरज नाही.

आता सांगा, मी काय करावं? तो खोटा कागद घेऊन जावं, तर अकरा महिने मिळतात. दिवसांचा रकाना कोरा आहे, त्यामुळं नोकरी पूर्ण धरली जाईल, पगार कितीही लिहिलेला असो. पण तो कागद दाखल करणं म्हणजे माझा बाप अर्धाच राबला हे आम्ही सही करून मान्य करणं. कागद नाकारला, तर पेन्शन बुडते. मी बापालाच विचारलं. तो म्हणाला, “आधी महिने घे. अर्ध्याचं मंग बघू.” आम्ही महिने घेतले. दावा दाखल केला, नावाच्या दुरुस्तीसकट. सोबत काकांच्या वहीच्या प्रती जोडल्या, आणि एक ओळ लिहिली: पगाराचा आकडा आम्हास मान्य नाही. कुणी वाचेल की नाही, माहीत नाही. पण फायलीत ती ओळ आहे.

आपल्यातला एक साथी मला म्हणाला, तू क्रांतीच्या गोष्टी सोडून कारकुनी कशाला करतोस? व्यवस्था उलथवायची की झेरॉक्स काढायची? मी त्याला म्हणालो, बाबा, बाबासाहेबांनी कोलंबियात १९१५ साली एमएसाठी जो प्रबंध लिहिला, तो ईस्ट इंडिया कंपनीच्या कारभारावर आणि हिशेबावर होता. ज्यांनी देश लुटला त्यांच्या वह्या वाचण्यापासून त्या माणसानं सुरुवात केली. १९२८ च्या गिरणी संपात त्यांनी काय लावून धरलं होतं? की अस्पृश्यांना साळखात्यात घ्या. साळखात्यात पगार जास्त. पण तिथं धोट्यातली कांडी बदलली की दोरा तोंडानं ओढावा लागायचा, आणि आपल्या तोंडाचा विटाळ दुसऱ्याला व्हायचा. म्हणून आपल्या माणसाला साचाखात्यातच ठेवायचे. आता तुम्ही एखाद्या जुन्या गिरणीची पगारवही उघडा. जातीचा रकाना नसेल. पण खात्याचा रकाना बघा आणि पगाराचा रकाना बघा, जात तिथं बसलेली आहे. म्हणून त्या वह्या आपल्याला पाहिजेत. एकट्या पेन्शनसाठी नव्हे.

आणि त्या वह्यांचं होतं काय? १९३६ च्या वेतन कायद्यात असं होतं की पगाराची नोंदवही शेवटच्या नोंदीपासून तीन वर्षं सांभाळायची. तीन वर्षं! पेन्शन दहा वर्षांचा पुरावा मागते, आणि वही तीन वर्षांनी रद्दीत घालायला मालक मोकळा. मजुरी बुडाली तर दाव्याची मुदत त्याच कायद्यात बारा महिने. कंत्राटी कामगारांच्या १९७० च्या कायद्यात होतं की ठेकेदार पगार वाटेल तेव्हा मूळ मालकाचा माणूस हजर पाहिजे, आणि त्यानं वहीवर सही करून दाखला द्यायचा. बापाला विचारलं. म्हणाला, “असा माणूस म्या पायला नाही.”

२१ नोव्हेंबर २०२५ पासून हे कायदे गेले, चार संहिता आल्या. एकोणतीस कायदे मोडून चार. त्यांच्यावर माझे आक्षेप ढीगभर आहेत, आज तो विषय नाही. पण वेतन संहितेत तीन गोष्टी आहेत त्या पाठ करा. पगाराची चिठ्ठी देणं मालकावर बंधनकारक. दाव्याची मुदत तीन वर्षं. आणि मजुरी दिली हे सिद्ध करायची जबाबदारी मालकाची. कायद्यात आहे म्हणून ते कुणी हातात आणून देणार नाही, हे तुम्हाला सांगायला नको. मागावं लागेल.

कागद मालकाच्या कपाटात राहू नये, ह्याचा एक चांगला मार्ग आपल्याच महाराष्ट्रानं काढलेला आहे. १९६९ चा माथाडी कायदा. मालक मजुरी आणि वर लेव्ही मंडळात भरतो, मंडळ हमालाला देतं. म्हणजे नोंद तिसऱ्याच्या हातात. मार्केटात हमाली केलेल्या कुणालाही विचारा, नोंद असलेल्या अन् नसलेल्या हमालाच्या म्हातारपणात काय फरक असतो. ह्याच कारणानं तिथंही बिननोंदीची माणसं घुसवायचा उद्योग चालतो.

गिरणी कामगारांचं तर बघा. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, अडीच लाख माणूस बाहेर पडला, गिरण्या गेल्या, जमिनीवर टॉवर उभे राहिले. मग ठरलं की कामगारांना घरं द्यायची. कुणाला? जो १ जानेवारी १९८२ ला किंवा नंतर पटावर होता त्याला. पावणेदोन लाखांच्या आसपास अर्ज आले. पुरावा काय मागितला? तिकीट नंबर, लाल पास, हजेरीपत्रक, पगारपावती, पीएफ नंबर, ईएसआयचा नंबर. चाळीस वर्षांनंतर! ज्या खोलीत पुरात पाणी शिरलं, जी चाळ पडली, जो म्हातारा मेला, त्यांची पगारपावती कुठून आणायची? इथून नांदेडला जाल तर उस्मानशाही मिलचं नाव अजून ऐकाल. १९७४ साली सरकारनं ज्या १०३ गिरण्या ताब्यात घेतल्या त्यात तीही होती. तुमच्यातल्या कुणाचा आज्जा तिथं असेल तर आज रात्री घरी जाऊन विचारा, कुठलं खातं होतं.

जगात हे फक्त आपल्याशीच झालं असंही नाही. ऑस्ट्रेलियात क्वीन्सलँड राज्य आहे. तिथल्या मूळच्या काळ्या लोकांची मजुरी कायद्यानंच सरकार स्वतःकडं ठेवायचं, त्यांच्या हातावर थोडं टेकवायचं. वर्षानुवर्षं. रॉझ किड नावाच्या इतिहासकार बाईनं सरकारी दप्तरं वाचून काढली. तिथं सगळं लिहिलेलं होतं, कारण गोऱ्यांना लिहून ठेवायची भारी हौस. हान्स पिअर्सन नावाचा एक म्हातारा सगळ्यांच्या वतीनं कोर्टात उभा राहिला, आणि २०१९ साली सरकारनं १९ कोटी डॉलर द्यायचं कबूल केलं. कितीजण तोपर्यंत मेले होते. पण लक्षात घ्या, ज्या वह्या त्यांना मुठीत ठेवायला लिहिल्या, त्याच वह्या साक्षीदार झाल्या.

आपल्याकडं उलटं आहे. आपलं देणं लिहिलेलं असतं, आपलं घेणं लिहिलेलं नसतं. ऊसतोडीला जाणारे इथं बसलेले आहेत. मुकादमाच्या वहीत काय असतं? उचल. किती उचल घेतली, किती फिटली, किती अंगावर राहिली. नवरा-बायको मिळून एक कोयता. बायकोचं नाव त्या वहीत आहे का? तिनं किती टन तोडला, वेगळं लिहिलंय का? पेटीत एक कागद नाही, डोक्यावर मात्र हंगामाचं कर्ज, तेही मुकादमाच्या अक्षरात. त्या अक्षराशी भांडायला आपलं अक्षर पाहिजे. जालन्याच्या काकांचं होतं, चौथी शिकलेलं.

मी आता रोज रात्री लिहितो. एकाच वहीत पुढून कविता, मागून हजेरी. बोट कुठली, माल काय, किती तास, मुकादम कोण, मिळाले किती. काही दिवशी पुढून काही सुचत नाही. मागचं पान रोज भरतं.

आता कामाचं. उद्या सकाळी नऊला आपण ह्याच खोलीत बसणार आहोत. घरातल्या पेट्या उघडा. गेटपास, पीएफची चिठ्ठी, ईएसआयचं कार्ड, बँकेचं बंद झालेलं पासबुक, जॉबकार्ड, मुकादमाच्या हातचं चिठोरं, फोटो असलेलं काहीही. मेलेल्या माणसाचं असलं तरी आणा, विधवेचा हक्क जातो असं नाही. माझ्यासारखंच नाव चुकलेलं असेल तर लाजू नका, तेही घेऊन या. टोळीत मागं-पुढं कोण उभं राहायचं ते म्हाताऱ्यांना विचारून या. माहितीच्या अर्जाला दहा रुपये लागतात, दारिद्र्यरेषेखालच्या कार्डाला तेही नाहीत. झेरॉक्सचं दुकान स्टेशनकडं आहे. आणि मूळ कागद कुणाच्याही हातात द्यायचा नाही, माझ्यासुद्धा. प्रत द्यायची, मूळ पेटीत.

जयभीम.